चाळिशीनंतर मालिकेत चरित्रभूमिका करायच्या असतील तर

नायिकेची आत्या, नायकाचे काका, शेजारच्या घरातील वहिनी, गावचा सरपंच, देवळातले गुरुजी, वकील, डॉक्टर, घरात वर्षानुवर्षे काम करणाऱ्या मावशी या सगळ्या भूमिकांना आमच्या व्यवसायात चरित्रभूमिका म्हणतात आणि त्या करणाऱ्यांना सरसकट ‘कॅरेक्टर आर्टिस्ट’ म्हटले जाते. हौशी रंगभूमीवर, कामगार कल्याणच्या किंवा राज्य नाट्य स्पर्धेत वीस-वीस वर्षे काम केलेली, आता मुले मोठी झालेली किंवा नोकरीतून मोकळी होत आलेली अनेक माणसे मला विचारतात की या वयात मालिकेत काम मिळेल का आणि मिळाले तर ते कसे करावे. त्यांच्यासाठी हे सविस्तर लिहीत आहे. अभिनय कसा करावा हे तुम्हाला ठाऊक आहे असे मी गृहीत धरते. ठाऊक नसते ते असे की या कामाचा मोठा भाग दुसऱ्याचे ऐकत उभे राहण्याचा आणि वाट पाहण्याचा असतो, आणि ते काम एखाद्या आठवड्यात अचानक संपू शकते. या दोन गोष्टींची तयारी सेटवर पाऊल टाकण्यापूर्वी करावी लागते, आणि पुढील बहुतेक सूचना त्या तयारीच्याच आहेत.

वयाची भीती प्रथम मनातून काढावी. ‘हम लोग’ १९८४ साली सुरू झाली तेव्हा दादीची भूमिका करणाऱ्या सुषमा सेठ अठ्ठेचाळीस वर्षांच्या होत्या, आणि त्या दादीला घशाचा कर्करोग झाल्याचे दाखवल्यानंतरही प्रेक्षकांच्या आग्रहामुळे ती भूमिका लांबवावी लागली. ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ २००१ मध्ये अल्फा मराठीवर आली तेव्हा आबा टिपरे साकारणारे दिलीप प्रभावळकर सत्तावन्न वर्षांचे होते, आणि त्याआधी मुंबई दूरदर्शनवरचे त्यांचे चिमणराव एका पिढीच्या स्मरणात पक्के बसलेले होते. सुरेखा सिक्री यांनी ‘बालिका वधू’मधील दादीसा करायला घेतली ती वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षी. म्हणून माझी पहिली विनंती अशी की पिकलेले केस रंगवून कामाला येऊ नका. पन्नाशीतला खरा चेहरा, थोडे सुटलेले पोट, कपाळावरच्या आठ्या, चष्म्याची सवय असलेले डोळे हे सारे तुमचे भांडवल आहे, कारण तरुण चेहऱ्यावर रंगाने काढलेले वय क्लोज शॉटमध्ये लगेच उघडे पडते.

छायाचित्रे साधी असावीत. पाच ते सहा पुरेत: समोरून एक, डावीकडून व उजवीकडून एकेक, पूर्ण उंचीचे एक आणि दोन वेगळ्या वेशांतली. स्त्रियांनी एक सुती साडीतले आणि एक काठपदराच्या साडीतले काढावे. ग्रामीण भूमिकांकडे कल असेल तर नऊवारीतलेही जोडावे. पुरुषांनी मिशीसह आणि मिशीविना अशी दोन्ही जवळ ठेवावीत. लग्नसमारंभातले, गडद मेकअपचे किंवा मोबाइलने चेहरा गुळगुळीत केलेले छायाचित्र पाठवू नये, कारण निवड करणाऱ्याला तुमच्या चेहऱ्यावरून भूमिका ताडायची असते आणि तो गुळगुळीतपणा नेमकी तीच माहिती पुसून टाकतो.

आता ऑडिशन बहुधा घरूनच पाठवावी लागते. फोन आडवा धरून स्थिर ठेवावा, मागे रिकामी भिंत असावी, खिडकीचा उजेड समोरून यावा आणि पंखा बंद असावा. सुरुवातीला नाव, वय, उंची, सध्या राहण्याचे गाव आणि कोणत्या बोली सहज बोलता येतात हे सांगून दोन्ही बाजूंचा चेहरा व हात दाखवावेत. याला ‘इंट्रो’ म्हणतात. बोलीचा उल्लेख अवश्य करावा. ‘रात्रीस खेळ चाले’ने मालवणी घराघरांत पोचवली, साताऱ्या-कोल्हापुरात चित्रित झालेल्या मालिकांनी तिकडच्या बोलीला जागा करून दिली, आणि तेव्हापासून वऱ्हाडी, अहिराणी, आगरी नीट बोलणाऱ्या मोठ्या वयाच्या माणसांचा शोध नेहमी चालू असतो. मात्र येत नसलेली बोली येते असे सांगू नये. दोन शब्दांत हेल धरता येतो, पण चार पानांच्या प्रवेशात तो टिकत नाही, आणि ती बोली बोलणारा प्रेक्षक ते लगेच ओळखतो.

दिलेला प्रवेश रंगमंचाच्या पट्टीत म्हणू नका, हे नाटकवाल्यांना पुन्हापुन्हा सांगावे लागते. शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवण्याची आपली सवय चांगली असली, तरी छातीजवळ लावलेल्या लेपल माइकपुढे ती ओझे होते. मी पहिल्या ऑडिशनमध्ये समोरच्या सुनेला रागावताना हात खांद्याच्या वर नेला होता आणि तो चौकटीबाहेरच गेला. तेच वाक्य नंतर भाजी निवडत, मान वर न करता म्हटले आणि ती भूमिका मला मिळाली. घरी सराव करताना हाताला खरे काम द्यावे: कपड्यांच्या घड्या, लसूण सोलणे, हिशोबाची वही. संवाद त्या कामाच्या लयीत म्हणावा.

काम देण्यासाठी जो पैसे मागतो त्याच्याकडे काम नसते, असे पक्के धरून चालावे. नोंदणी, ओळखपत्र, पोर्टफोलिओ, वेशभूषेची अनामत अशी नावे बदलतात, पण मागणी तीच असते. निवड करणाऱ्याला निर्मिती संस्था पैसे देते. मध्यस्थ समन्वयक असेल तर त्याचा हिस्सा तुमचे मानधन जमा झाल्यावर ठरल्याप्रमाणे द्यायचा असतो, आधी काहीही द्यायचे नसते. निवृत्तीची पुंजी हाताशी असलेली माणसे या फसवणुकीत अधिक सापडतात, हे मी जवळून पाहिले आहे.

काम ठरले की करारपत्र स्वतः वाचावे. संकोचाने ‘कुठे सही करू’ एवढेच विचारणारे बहुतेक लोक आमच्याच वयाचे असतात. मानधन दिवसावर ठरते, म्हणून एका दिवसाची रक्कम जितकी महत्त्वाची तितकेच महिन्याला किमान किती दिवस दिले जातील हे महत्त्वाचे आहे. दिवसाचा आकडा मोठा आणि महिन्याला तीनच दिवस, अशा भूमिकेपेक्षा थोड्या कमी आकड्याचे दहा दिवस घर चालवायला बरे. शिफ्ट किती तासांची आहे, ती संपल्यावर थांबावे लागले तर काय मिळेल, प्रवासखर्च आहे का, बाहेरगावी राहण्याची सोय कशी आहे, त्या काळात दुसऱ्या वाहिनीवर काम करता येईल का, भूमिका संपवायची झाल्यास किती आधी कळवतील, हे सारे विचारावे आणि कागदावर असावे. शिफ्ट साधारणपणे बारा तासांची असते आणि पैसे पुष्कळदा नव्वद दिवसांनी हाती येतात, म्हणजे जानेवारीत केलेल्या कामाचे पैसे एप्रिल उजाडता उजाडता मिळतात. त्यातून मुळातच करकपात झालेली असते, साधारण दहा टक्के. ती तुमच्या पॅनवर जमा झाली की नाही हे वर्षातून दोनदा तरी तपासावे आणि आपल्या कामाच्या तारखांची वही स्वतः ठेवावी. माझ्या एका मालिकेत सहा दिवस निर्मात्याच्या नोंदीतून गळले होते. वहीत तारीख, प्रवेश क्रमांक आणि पॅकअपची वेळ लिहिलेली असल्यामुळेच ते पैसे मिळाले. ‘सिंटा’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या कलाकारांच्या संघटनेचे सभासदत्वही लवकर घ्यावे, कारण थकलेल्या मानधनाची तक्रार एकट्याने लढवणे फार कठीण जाते.

नाटक चालू असेल तर ते पहिल्याच बैठकीत सांगावे. शनिवार-रविवारी दुपारी दादरच्या शिवाजी मंदिरात किंवा ठाण्याच्या गडकरी रंगायतनात प्रयोग असेल आणि चित्रीकरण घोडबंदर रोडच्या, मढच्या किंवा नायगावच्या सेटवर असेल, तर किती वाजता सोडतील हे आधी ठरलेले असले पाहिजे. प्रयोगाच्या तारखा महिनाभर आधी लेखी कळवणाऱ्या कलाकाराला सांभाळून घेतले जाते, आणि ऐन वेळी सांगणाऱ्याला पुढच्या वेळी बोलावले जात नाही. नोकरी असेल तर घाईने सोडू नये. शिवाजी साटम बँकेत नोकरी करत करत रंगभूमीवर काम करीत होते, आणि पुढे ‘सीआयडी’त त्यांनी १९९८ पासून दोन दशके एकच भूमिका निभावली. आपल्याकडच्या अनेक उत्तम नटांना बँका, विमा कंपन्या आणि सरकारी कचेऱ्या यांनी असाच आधार दिलेला आहे.

प्रत्यक्ष सेटवरचे काम रंगभूमीच्या माणसाला पहिले काही दिवस गोंधळात टाकते. नाटकात गोष्ट क्रमाने पुढे जाते; मालिकेत दिवाणखान्याचा प्रकाश एकदा लावला की चार वेगवेगळ्या भागांतले दिवाणखान्यातले प्रवेश एका पाठोपाठ उरकले जातात. सकाळी तुम्ही भाच्याच्या साखरपुड्यात हसत असता, आणि दुपारी त्याआधीच्या आठवड्यातला प्रवेश असतो, ज्यात हा साखरपुडा मोडेल अशी तुम्हाला भीती वाटते आहे. प्रवेशाची पाने आदल्या रात्री फोनवर येतात, कधी त्या दिवशी सकाळी, तर कधी मेकअपच्या खुर्चीतच हातात पडतात. त्यासाठी एक छोटी वही करावी. तिच्यात भागाचा क्रमांक आणि त्या क्षणी आपल्या पात्राला काय ठाऊक आहे व काय ठाऊक नाही, एवढेच लिहावे. लेखक आणि सहायक दिग्दर्शक बदलत राहतात, त्यामुळे वर्षभराने तुमच्या आत्याला थोरल्या भावाचे गुपित कळले आहे की नाही याचे खात्रीशीर उत्तर बहुधा त्या वहीतच सापडते. मी ही वही कधीच टाकली नाही, आणि आजवर मला तिच्याइतकी उपयोगी दुसरी कोणतीही सवय आढळलेली नाही.

चित्रीकरणाची रीत साधारण अशी असते: आधी सर्वांचा मिळून मास्टर शॉट, मग प्रमुख कलाकारांचे क्लोज आणि शेवटी उरलेल्यांचे. नायिकेचे रडणे सकाळी अकराला चित्रित होते आणि ते रडणे पाहून तुमच्या चेहऱ्यावर उमटलेली व्यथा दुपारी दोनला, जेव्हा नायिका पुढच्या प्रवेशाची साडी बदलायला गेलेली असते आणि तिची वाक्ये सहायक दिग्दर्शक सपाट आवाजात वाचत असतो. याची तक्रार करण्यात वेळ घालवू नये. मास्टर चालू असतानाच आपण कोणत्या शब्दाला वळून पाहिले आणि कोणत्या शब्दाला श्वास रोखला हे मनात पक्के करावे, आणि क्लोजच्या वेळी कॅमेऱ्याशेजारच्या ज्या खुणेकडे पाहायला सांगितले असेल तिथे त्या मुलीचा चेहरा आठवावा. उलट आपण चौकटीबाहेर असू तेव्हा समोरच्याला त्याच्या क्लोजसाठी आपली वाक्ये पूर्ण जीव ओतून द्यावीत. पंचविशीतल्या नायिकेला डोळ्यांत डोळे घालून संवाद देणारी आत्या मिळाली की तिचा शॉट चांगला होतो, आणि पुढे ती स्वतःच दिग्दर्शकाला म्हणते की आत्यांना थांबवून घ्या.

कुटुंबाच्या प्रवेशात दहा-बारा माणसे अर्धवर्तुळात उभी असतात आणि एखादा मोठा गौप्यस्फोट होतो. कॅमेरा प्रत्येकाच्या चेहऱ्यावरून फिरतो. तुमच्या वाट्याला दोन सेकंद येतात, आणि नवखा कलाकार त्या दोन सेकंदांत धक्का दाखवतो, कारण सगळेच धक्का दाखवत असतात. त्याआधी स्वतःला विचारावे की ही बातमी माझ्या पात्राचे नेमके काय बिघडवते. विहीण असेल तर तिला लोक काय म्हणतील याची काळजी असेल, धाकट्या काकूला आतून थोडे बरे वाटले असेल, कामवाल्या मावशींना हे आधीपासून ठाऊक असेल आणि त्या खाली पाहतील. असे वेगळे उत्तर असलेला चेहरा संकलकाला उपयोगी पडतो, म्हणून तो भागात राहतो, आणि भागात राहिलेला चेहरा पाहून लेखकाला पुढच्या आठवड्यात त्या पात्रासाठी एखादे वाक्य सुचते. माझ्या अनुभवात चरित्रभूमिका वाढतात त्या बहुतेक वेळा अशाच.

सातत्याकडे, म्हणजे सेटवरच्या भाषेत कन्टिन्युइटीकडे, स्वतः लक्ष द्यावे. कप कोणत्या हातात होता, पदर कोणत्या खांद्यावरून कसा घेतला होता, चष्मा कोणत्या वाक्याला काढला, हे मास्टरनंतर लगेच आठवून ठेवावे आणि परवानगी असेल तर वेशाचे एक छायाचित्र आपल्या फोनवर काढावे. जेवणाच्या प्रवेशात घास अगदी लहान घ्यावा आणि शक्यतो भाताऐवजी पोळीचा तुकडा उचलावा, कारण तोच घास तुम्हाला दुपारपर्यंत आठ वेळा घ्यायचा असतो. स्पॉटदादा, मेकअपदादा, ड्रेसदादा यांची नावे पहिल्याच दिवशी विचारून घ्यावीत आणि त्यांना नावानेच हाक मारावी.

भूमिका लोकप्रिय झाली की ती तुम्हाला चिकटते. ‘नुक्कड’ १९८६ ची. पण त्या मालिकेत खोपडी साकारणारे समीर खक्कर मार्च २०२३ मध्ये गेले तेव्हाही लोकांना आठवला तो खोपडीच. ‘चार दिवस सासूचे’सारखी मालिका २००१ पासून २०१३ पर्यंत तीन हजारांहून अधिक भाग चालते तेव्हा त्यातील माणसे प्रेक्षकांच्या घरातलीच होऊन जातात. बाजारात कोणी ‘अहो काकू’ म्हणून हात धरला तर तो प्रेमाने धरू द्यावा. त्याच वेळी वर्षातून एकदा तरी अगदी वेगळ्या प्रकृतीचे काम करावे: एखादी एकांकिका, विद्यार्थ्यांचा लघुपट, आकाशवाणीची श्रुतिका. पैसे नसले तरी चालेल. सतत प्रेमळ आजी करणाऱ्या नटीने वर्षभर एकदाही आवाज चढवला नसेल, तर निवड करणाऱ्यालाही तिचा चढलेला आवाज आठवत नाही.

शरीराची काळजी हा या व्यवसायाचा भागच समजावा. बारा तास वातानुकूलित सेट आणि बाहेरचा उकाडा यांच्यात ये-जा, उशिरा मिळणारे जेवण, स्वच्छतागृह लांब म्हणून पाणी कमी पिण्याची सवय, हे सारे साठीच्या माणसाला लवकर भोवते. मधुमेह असेल, रक्तदाबाच्या गोळ्या चालू असतील, गुडघ्यांमुळे खाली बसता येत नसेल, तर कार्यकारी निर्मात्याला स्पष्ट सांगावे आणि जेवणाची वेळ ठरवून घ्यावी. यात कमीपणा काहीच नाही. सुरेखा सिक्री यांना पक्षाघाताचा झटका आला होता, आणि त्यानंतर त्यांनी राष्ट्रीय पुरस्कार चाकाच्या खुर्चीत बसून स्वीकारला. आरोग्यविमा स्वतःचा असावा, कारण दिवसाच्या मानधनावर काम करणाऱ्याला तो बहुतेक वेळा दुसरे कोणी देत नाही.

२०२० सालाने आम्हाला जे दाखवले ते नव्याने येणाऱ्यांनी जाणून घ्यावे. मार्चमध्ये चित्रीकरण बंद झाले, आणि ते पुन्हा सुरू करण्यासाठी राज्य सरकारने जे नियम काढले त्यांत पासष्ट वर्षांवरील कलाकारांना सेटवर येण्यास मनाई होती. मालिकेतले आजी-आजोबा कथेतून काही काळ तीर्थयात्रेला किंवा गावी गेले. त्यांची घरे मात्र त्याच मानधनावर चालत होती. एका ज्येष्ठ कलाकाराने न्यायालयात दाद मागितल्यावर मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्टमध्ये ती अट रद्द केली. त्यानंतर सप्टेंबरमध्ये, मूळच्या गोव्याच्या आणि आमच्या पिढीला अत्यंत प्रिय असलेल्या आशालता वाबगावकर साताऱ्यातील मालिकेच्या चित्रीकरणादरम्यान करोनाची लागण होऊन गेल्या. काम हवे होते आणि कामाची भीतीही होती, अशा त्या महिन्यांत ज्यांच्याकडे वर्षभराचा घरखर्च बाजूला काढलेला होता त्यांनाच स्वतःचा निर्णय स्वतः घेता आला. म्हणून पहिल्या मोठ्या भूमिकेच्या पहिल्या सहा महिन्यांचे पैसे शक्यतो खर्चू नयेत. गाडी, घराची दुरुस्ती, मुलाचे हप्ते हे सारे पुढे ढकलावे.

भूमिका संपण्याची कारणे तुमच्या हातात नसतात. दर गुरुवारी प्रेक्षकसंख्येचे आकडे येतात, ते घसरले की कथेचा ट्रॅक बदलतो, कथा काही वर्षे पुढे उडी घेते, आणि या उडीत आत्या परदेशी जाते किंवा आजोबा भिंतीवर जातात. भिंतीवर लावायच्या, हार घातलेल्या फोटोसाठी तुम्हाला एक दिवस बोलावले जाते. तो दिवस पूर्ण शिफ्टचा धरला आहे का हे विचारावे, आणि नंतर आठवणीच्या प्रवेशांसाठी जुने चित्रीकरण वापरले जाणार असेल तर करारात त्याबद्दल काय लिहिले आहे तेही पाहावे. त्याच दिवशी वहीतल्या तारखा कार्यकारी निर्मात्याकडच्या नोंदींशी ताडून बाकी दिवसांची यादी लेखी घ्यावी, स्वतःचे दागिने किंवा शाल वेशभूषेत दिली असेल तर परत मागावी, आणि ज्यांच्यामुळे भूमिका मिळाली त्यांना फोन करून आपण मोकळे झाल्याचे कळवावे. घरी आल्यावर त्या पात्राचा अंबाडा, कुंकू, मिशी, जे काही असेल ते उतरवून खिडकीच्या उजेडात साध्या कपड्यांतली पाच-सहा नवी छायाचित्रे काढावीत आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ती पाठवावीत.